पटावरून कमी

जुलै २०२३ मधला शनिवार होता. सकाळची शाळा सुटली होती, मी पोषण आहाराचा हिशेब लिहीत बसले होते. दारात तिघे जण उभे राहिले. एक मुलगी, तिचे वडील आणि काठी टेकत आलेले आजोबा. मुलीच्या हातात प्लास्टिकची पिशवी, आत कागदांचा गठ्ठा. माण तालुक्यातल्या आमच्या जिल्हा परिषद शाळेत जून-जुलैमध्ये असे लोक येतातच. कुणाला दाखल्याची दुसरी प्रत हवी असते, कुणाला आजोबांचा प्रवेश निर्गम उतारा, म्हणजे शाळेच्या रजिस्टरातल्या नोंदीची नक्कल. प्राथमिक शाळेला ना क्लार्क ना शिपाई, त्यामुळे रजिस्टर शोधण्यापासून शिक्का मारण्यापर्यंत सगळं मुख्याध्यापकानेच करायचं.

मुलगी बारावी विज्ञानला चांगल्या मार्कांनी पास झालेली. तिला बी.एस्सी. नर्सिंगला जायचं होतं. समाज नंदीवाले, म्हणजे भटक्या जमाती (ब). जातीचा दाखला तिच्याकडे होता, शिबिरात गृहचौकशीवरून मिळालेला. पण व्यावसायिक अभ्यासक्रमाला नुसता दाखला चालत नाही, जात पडताळणी समितीचं वैधता प्रमाणपत्र लागतं. तिने अर्ज केला होता आणि समितीकडून त्रुटी आली होती. तो कागद तिने माझ्यापुढे ठेवला. २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा, जातीची नोंद असलेला, वडिलांकडच्या रक्तनात्यातला पुरावा सादर करावा.

ज्यांना या कामाची सवय नाही त्यांच्यासाठी सांगते. आपल्या राज्यात प्रत्येक प्रवर्गाला एक मानीव दिनांक आहे. अनुसूचित जातींना १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातींना ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमातींना २१ नोव्हेंबर १९६१, इतर मागासवर्गाला १३ ऑक्टोबर १९६७. त्या तारखेआधी तुमचं घराणं कुठं राहत होतं आणि तुमची जात काय होती, हे कागदावर दाखवायचं. शाळेचं जनरल रजिस्टर, गावचं कोतवाल बुक, जमिनीचे फेरफार, असलं काहीतरी.

मी वडिलांना विचारलं, जमीन होती का? नव्हती. कोतवाल बुकात जन्माची नोंद? आजोबांचा जन्म कुठल्या शिवारात झाला हे आजोबांनाच ठाऊक नव्हतं. आईने सांगितलेलं एवढंच, की शिंगणापूरच्या यात्रेला चालले होते तेव्हा वाटेत.

मग आजोबा बोलले. ते दाराजवळच खाली बसले होते. मी दोनदा म्हटलं, "आजोबा, वर खुर्चीवर बसा," तर म्हणाले, "ऱ्हाऊ द्या बाई, हितंच बरं हाय." त्यांनी सांगितलं की लहानपणी एका हिवाळ्यात त्यांची पालं आमच्या गावच्या ओढ्याला पडली होती. त्यांचा एक बैल पायाने अधू झाला होता, म्हणून नेहमीपेक्षा जास्त दिवस मुक्काम झाला. एक मास्तर रोज ओढ्याकडे फिरायला यायचे, ते त्यांना हाताला धरून शाळेत घेऊन आले.

"कोणतं साल, आजोबा?"

"साल काय म्हाईत न्हाई. म्या येवढा व्हतो." त्यांनी जमिनीपासून हात वर धरून दाखवला.

आमची शाळा जुनी आहे. जुनी रजिस्टरं एका लोखंडी ट्रंकेत, ट्रंक कपाटावर. शाळेतले सहकारी गुरुजी अजून घरी गेले नव्हते, त्यांनी बाकावर चढून ती उतरवली. ते याच गावचे. त्यांच्या मुलाला आदल्या वर्षी हवं ते कॉलेज थोडक्या मार्कांनी हुकलं होतं आणि त्या दुखण्याने ते या विषयावर कडू बोलायचे. ट्रंक उतरवतानाही पुटपुटले, "कागद मिळाला की सीट पक्की, मॅडम. आमच्या पोरांना कुठला कागद?" मुलीने ऐकलं. तिने मान खाली घातली आणि पिशवीतले कागद पुन्हा लावायला घेतले. गुरुजींच्या मुलाचं दुःख खोटं नव्हतं. मी तो मुलगा पाहिलाय, कष्टाळू आहे. पण भटक्या जमाती (ब) ला राज्यात अडीच टक्के आरक्षण आहे आणि त्या अडीच टक्क्यांत अनेक जमाती वाटेकरी आहेत. आणि हा कागद म्हणजे नेमकं काय असतं, ते त्या दुपारी आम्ही दोघांनीही जवळून पाहिलं.

ट्रंकेत डांबरगोळ्यांची पांढरी भुकटी झालेली, कडुलिंबाचा वाळका पाला. वरच्या दोन रजिस्टरांच्या कडा वाळवीने खाल्लेल्या. मधलं रजिस्टर धड होतं. पुठ्ठ्यावर वळणदार अक्षर: जिल्हा स्कूल बोर्ड, उत्तर सातारा. म्हणजे जिल्हा परिषदेच्याही आधीचं, सातारचे उत्तर-दक्षिण असे दोन जिल्हे होते तेव्हाचं. टाकाने लिहिलेली निळी-काळी शाई, काही पानांवर ती पाठीमागे उतरलेली. पान उलटताना खालून तळहात लावावा लागत होता, नाहीतर घडीवर मोडायचं.

आम्ही चौघे बसलो. मी एका ओळीवर पट्टी धरायची, मुलगी नाव वाचणार, वडील 'न्हाई' म्हणणार. आजोबा ऐकत होते. त्या पिढीत अर्ध्या गावाचा जन्म १ जूनचा, कारण तारीख मास्तरांनीच घातलेली. तासाभराने मुलगी थांबली. तिने नाव वाचलं नाही, नुसतं बोट ठेवलं.

नावाच्या रकान्यात आजोबांचं नाव, वडिलांचं नाव, आणि आडनावाच्या जागी 'नंदीवाले'. जन्म १-६-१९४७. दाखल ८-११-१९५४, इयत्ता पहिली. प्रगती: बरी. वर्तणूक: चांगली. शाळा सोडल्याची तारीख २१-२-१९५५. कारण: गाव सोडून गेले, पटावरून कमी.

आणि जातीच्या रकान्यात 'हिंदू भिक्षेकरी'.

माझा हात पट्टीवरच राहिला. त्या मास्तरांनी मुलाला हाताला धरून आणलं, शाळेत बसवलं, आणि जातीच्या जागी त्याच्या घरचा धंदा लिहिला. त्यांना त्यात काही वावगं वाटलं नसणार. रकाना भरायचा होता, भरला.

मुलीला अर्थ लगेच कळला. वडिलांना थोड्या वेळाने. ते उठून माझ्या टेबलाजवळ आले आणि अगदी हळू म्हणाले, "मॅडम, झेरॉक्सवाला म्हणला, रकान्यात दुरुस्ती करून मिळती. चार तर अक्षरं हायती. तुमी लिवा, आमी जन्मभर नाव काढू."

मी नाही म्हटलं. सांगितलं, की समितीचं दक्षता पथक मूळ रजिस्टर बघायला येतं, शाई बघतं, खाडाखोड बघतं. खोट्या दाखल्यावर मिळालेला प्रवेश किंवा नोकरी किती का वर्षं होईनात, टिकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ सालीच स्पष्ट केलंय. खरी नंदीवाल्याची पोर खोट्या शाईमुळे बोगस ठरेल. हे सगळं बरोबर होतं आणि तरी बोलताना माझा आवाज नीट लागत नव्हता. बोगस दाखले काढून आमच्या जागांवर बसलेली माणसं मी पाहिलीत. त्यांच्यामुळे ही पडताळणी एवढी कडक झाली, आणि तिचा जाच मात्र या माणसाला.

माझं स्वतःचं सांगते. मी बौद्ध. आरक्षणातूनच डी.एड.ला लागले आणि आरक्षणातूनच नोकरीला, ते मी कधी लपवलं नाही. माझ्या पडताळणीला त्रास झाला नाही, कारण माझ्या पणजोबांचं नाव महार वतनाच्या कागदात होतं. हे वतन म्हणजे गावाने राबवून घ्यायची वेठ. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात त्याविरुद्ध विधेयक मांडलं होतं. ते गेलं ते फार उशिरा, १९५८ च्या कायद्याने. त्याच गुलामीच्या कागदावर माझी वैधता झाली. गावाने आम्हांला वेशीबाहेर ठेवलं, पण दप्तरात ठेवलं, कारण आमच्याकडून काम घ्यायचं होतं. या लोकांना गावाने दप्तरातही घेतलं नाही. दाणे घातले, गुबूगुबू ऐकलं, नंदीकडून मान हलवून घेतली आणि पुढच्या गावाला लावून दिलं. आणि आता सरकार त्यांना विचारतंय, १९६१ पूर्वी कुठल्या दप्तरात होता?

आजोबांना मी विचारलं, "तुमच्या भावकीतलं आणखी कुणी आलं होतं का या शाळेत?" ते खूप वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "थोरल्या चुलत्याचा येक पोरगा. म्होरं दोन-चार सालानं पुन्यांदा पालं पडली व्हती. पर त्यो किती दिस बसला, देव जाणं."

दोन वाजून गेले होते. गुरुजी घरी गेले नाहीत. त्यांनी चहा सांगितला, चष्मा पुसला आणि पुढचं रजिस्टर स्वतःपुढे ओढलं. १९५४ चं पान अजून उघडंच होतं. त्याच पानावर, तीन ओळी वर, त्यांच्या थोरल्या चुलत्यांचं नाव होतं. जून १९५४ ला दाखल, सातवी पास होऊन बाहेर. ते चुलते पुढे बँकेत लागले, आज गावात त्यांचा स्लॅबचा वाडा आहे. गुरुजींनी ती ओळ वाचली, मग खालची वाचली. बोलले काही नाहीत. त्यानंतर पट्टी त्यांनी धरली.

आजोबा मध्येच म्हणाले, "पाटी न्हवती माज्याकडं. येका पोरानं त्याची फुटकी अर्धी दिली व्हती." कोण पोरगा, ते त्यांना आठवत नव्हतं.

सव्वाचारच्या सुमारास १९५८ च्या पानावर गुरुजींनी बोट आपटलं. अक्षर वेगळं, मास्तर बदललेले. मुलाचं नाव, बापाचं नाव, आणि जातीच्या रकान्यात स्वच्छ 'हिंदू नंदीवाले'. हा मुलगा अवघे सात आठवडे शाळेत होता. शेरा तोच, पटावरून कमी.

पहिल्या मास्तरांनी धंदा लिहिला, दुसऱ्यांनी जात विचारून घेतली. एवढ्या फरकावर त्या मुलीचं पुढचं सगळं टांगलेलं होतं. मी दोन्ही नोंदींचे उतारे जसेच्या तसे लिहिले. 'भिक्षेकरी' होतं तिथं 'भिक्षेकरीच' लिहिलं. सोबतच्या पत्रात मूळ रजिस्टर पाहणीसाठी उपलब्ध असल्याचं आणि पहिल्या नोंदीत आडनावाच्या जागी 'नंदीवाले' असल्याचं नमूद केलं. दोन मुलं सख्ख्या भावांची, हे वंशावळीच्या शपथपत्राने जोडायचं होतं. ते कसं करायचं हे मुलीला सगळं पाठ होतं. अठरा वर्षांच्या पोरीला नमुना क्रमांकांसकट.

शिक्का मारताना आजोबा उठून जवळ आले. "बाई, माजं काय लिवलंय त्ये वाचा की."

मी वाचलं. प्रगती बरी, वर्तणूक चांगली.

"पुन्यांदा वाचा."

मी पुन्हा वाचलं. ते नातीकडे वळून म्हणाले, "ऐकलं का? चांगली." मग त्यांनी विचारलं की त्या कागदाची एक झेरॉक्स त्यांच्यासाठी मिळेल का, समितीची नव्हे, घरी ठेवायला. घर म्हणजे आता गायरानात पत्र्याचं आहे, त्याचीही नोटीस आलीय, हे वडिलांनी सांगितलं.

आमच्या सातारच्या सरकारी शाळेत, आजच्या प्रतापसिंह हायस्कुलात, ७ नोव्हेंबर १९०० रोजी भिवा रामजी आंबेडकर हे नाव दाखल झालं, १९१४ नंबरला. तो दिवस आम्ही शाळेत विद्यार्थी दिवस म्हणून साजरा करतो आणि मी दर वर्षी त्या रजिस्टरबद्दल बोलते. आजोबा त्याच जिल्ह्यातल्या रजिस्टरात ८ नोव्हेंबरला आले. या तारखांना तसा काही अर्थ नाही, पण त्या संध्याकाळी घरी जाताना एसटीत ते माझ्या डोक्यातून जात नव्हतं.

दक्षता पथक महिन्याभराने आलं. रजिस्टर बघितलं, फोटो घेतले, माझा जबाब घेतला. पत्र्याच्या घरी जाऊन आजोबांना कुलदैवत, लग्नातले विधी, बोलीतले शब्द विचारले. वैधता मिळाली, पण त्या वर्षीच्या प्रवेशाची शेवटची तारीख निघून गेल्यावर. मुलगी वर्षभर दहिवडीत एका दवाखान्यात मदतनीस म्हणून राहिली आणि २०२४ ला नर्सिंगला लागली. ते गेलेलं वर्ष तिचंच गेलं. त्याचं उत्तर मला कुणीच दिलेलं नाही, आणि तिने विचारलंच तर माझ्याकडेही नाही.

गेल्या जूनमध्ये ओढ्याच्या वरच्या अंगाला पालं पडली होती. मी आणि गुरुजी जाऊन तीन मुलं दाखल करून घेतली. रजिस्टर सोबत नेलं होतं. जातीच्या रकान्यापाशी पोरांच्या आजीला विचारलं, तर ती म्हणाली, "लिवा काय बी, गरीब लिवा." मी पेनाचं टोपण लावलं, तिच्यासमोर खाली बसले आणि पुन्हा विचारलं. तिने सांगितलेलं तिला तीनदा वाचून दाखवलं आणि मगच लिहिलं. दिवाळीनंतर ती मुलं गेली. त्यांना शिक्षण हमी कार्ड दिलंय, पुढच्या गावच्या शाळेत दाखवायला. शेऱ्याचा रकाना मी अजून कोरा ठेवलाय.