विनोदातली मद्रासी मामी

'साऊथ इंडियन मामी' म्हटले की चुटक्यांतून आणि मोबाइलवरच्या चित्रफितींतून एक ठरीव बाई पुढे येते: भरगच्च गजरा, नाकात दोन्ही बाजूंना चमकी, हातात फिल्टर कॉफी आणि वाक्यागणिक 'अय्यो'. ती तमिळ, तेलुगू, कन्नड की मल्याळी, हे सांगण्याची तसदी कोणी घेत नाही. नागपुरात तरी हे खटकावे, कारण विदर्भाची सीमाच तेलंगणाला लागून आहे आणि रेल्वे व महालेखाकार कार्यालयातील नोकऱ्यांच्या निमित्ताने आलेली तमिळ, मल्याळी कुटुंबे येथे पिढ्यान्‌पिढ्या नांदत आहेत. आमच्या शेजारच्या तमिळ मामी गोकुळपेठ बाजारात 'काहून इतकं महाग लावून राहिला, भाऊ?' असे विचारतात, तेव्हा भाजीवाल्याला त्यांच्या 'अय्यो'ची वाट पाहावी लागत नाही.

तमिळ लोक आपल्या गृहिणींची थट्टा करत नाहीत, असे मुळीच नाही. किंबहुना ती आपल्यापेक्षा सरसच करतात. जे. आर. सुंदरेसन यांनी 'भाग्यम रामस्वामी' या टोपणनावाने 'कुमुदम' साप्ताहिकात अप्पुसामी आणि सीता पाटी (तमिळमध्ये पाटी म्हणजे आजी) हे वृद्ध जोडपे उभे केले. त्यात अप्पुसामी भोळा आणि उचापती, तर सीता पाटी फर्डे इंग्रजी बोलणारी, आज्यांची संघटना चालवणारी. त्या संघटनेचे नावच द्रविड पक्षांच्या नावांचे विडंबन आहे. (आपल्या दिवाळी अंकांतील लाटणेवाली बायको वर्षानुवर्षे दारामागेच उभी राहिली, तिला कोणी संघटना काढू दिली नाही.) १९९५ च्या 'सती लीलावती' या चित्रपटात कोवै सरला यांनी रंगवलेली, कोइम्बतूरच्या ठसक्यात बोलणारी पत्नीही हसवते, पण तेथे फसवणारा नवरा दुसऱ्या बाईचा आहे आणि हसे त्याचे होते. आपल्यापर्यंत पोहोचताना मात्र या बायकांचा फक्त उच्चार उरतो, त्यांची अक्कल वाटेतच गळून पडते.

यातला सर्वांत बोलका प्रवास 'अव्वै षण्मुगी'चा आहे. १९९६ च्या या तमिळ चित्रपटात घटस्फोटित बाप मुलीजवळ राहता यावे म्हणून मडिसार ही तमिळ ब्राह्मण पद्धतीची नऊवारी नेसून वयस्क ब्राह्मण मामी होतो. पुढच्याच वर्षी कमल हासन यांनी तो हिंदीत 'चाची ४२०' म्हणून आणला, तेव्हा मामीची लक्ष्मी गोडबोले झाली आणि मडिसारच्या जागी आपली नऊवारी आली. हिंदी पडद्यावरच्या घरकाम करणाऱ्या ठरीव मराठी बाईवर चिडणाऱ्या आपल्या मंडळींनी गोडबोले बाईंना आनंदाने आपले म्हटले, कारण सारे घर त्यांच्या चातुर्यावर चालत होते. मामी मराठी झाली तरी कथानक कोठेच अडले नाही. विनोदाचा भार तिच्या 'अय्यो'वर कधी नव्हताच.