ठाण्याच्या दिवाणखान्यातला अ‍ॅम्प्लिफायर
घोडबंदर रोडवरच्या आमच्या १२ बाय १४ फुटांच्या दिवाणखान्यासाठी अ‍ॅम्प्लिफायर निवडताना मी वॅटच्या आकड्यांना भुललो नाही, कारण ताकद दुप्पट केली तरी आवाज जेमतेम ३ डेसिबलने वाढतो आणि रोजच्या ऐकण्याला माझ्या स्पीकरना काही वॅटच पुरतात. क्लास ए प्रकारचा अ‍ॅम्प्लिफायर मोहात पाडत होता. पण गाणे बंद असतानाही तो वीज खाऊन तापत राहतो, आणि मे महिन्यातल्या ठाण्यात ती शेगडी कोण सांभाळणार? अखेर गाणे बंद असताना बरीच कमी वीज खाणारा क्लास एबी प्रकार घेतला. जोडणीनंतर तानपुऱ्याखाली ५० हर्ट्झची खर्जातली घुमघुम ऐकू येऊ लागली. सेट-टॉप बॉक्सची केबल काढताच ती थांबली; दोष दोन वाटांनी जुळलेल्या अर्थिंगचा होता. हवा खेळावी म्हणून अ‍ॅम्प्लिफायरच्या वर वीतभर जागा मोकळी सोडली आहे. आईची फुलदाणी मात्र तिथून रोज हलवावी लागते.