सिंथवरचं पार्श्वसंगीत: लॉक झालेला कट हलतो तेव्हा

बँडच्या जोडीला मी सिंथवर, म्हणजे इलेक्ट्रॉनिक आवाज घडवणाऱ्या सिंथेसायझरवर, चित्रपटांचं पार्श्वसंगीत करतो. गाणी नाहीत, नुसतं वाद्यसंगीत. सूर सुचणं हा त्यातला छोटा भाग. खरा वेळ जातो हिशेबात.

एडिटरकडून फाइल घेताना फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, लेखी मागतो. तोंडी सांगितलेला ‘२४’ पुष्कळदा २३.९७६ निघतो. फरक हजारात एकाचा, पण दहा मिनिटांत ०.६ सेकंद होतो, म्हणजे १४ फ्रेम. ऑडिओ प्रोजेक्ट पहिल्यापासून ४८ किलोहर्ट्झ (आवाजाचे सेकंदाला ४८,००० नमुने), २४ बिट. ४४.१ ची फाइल रूपांतर न करता ४८ वर वाजली तर सुमारे ९ टक्के जोरात पळते आणि जवळजवळ दीड सेमीटोन चढते.

टेम्पो असा धरतो की बीट पूर्ण फ्रेमवर पडावी. २४ फ्रेमला १२० बीपीएमवर (मिनिटाला १२० बीट) बीट १२ फ्रेमची, ९६ वर १५, ९० वर १६. कारण ‘लॉक’ झालेला, म्हणजे आता बदलणार नाही म्हणून ठरलेला, कटही हलतो! समजा ९० च्या क्यूमधून (एका प्रसंगासाठीच्या संगीताच्या तुकड्यातून) २० फ्रेम उडाल्या. एक बीट काढली की १६ गेल्या. उरलेल्या चार जिरवायला पुढच्या चार बीट ९६ वर न्यायच्या. प्रत्येक बीट एका फ्रेमने आखूड होते. काढलेल्या बीटच्या जागी तीन मात्रांचा बार येतो. पॅडखाली (लांब धरलेल्या सुरांच्या थराखाली) तो खपतो, ड्रमखाली खटकतो, त्यामुळे तोड शक्यतो ताल नसलेल्या जागी घ्यावी. टेम्पोला बांधलेला टेप डिले (प्रतिध्वनीचा इफेक्ट) मात्र त्या चार बीटमध्ये सूर हलवतो. तेवढ्यापुरता त्याचा सिंक काढावा.

संवादाखाली सॉ वेव्हचा (तीक्ष्ण, भरगच्च आवाजाच्या लहरीचा) पॅड फिल्टर पूर्ण उघडा ठेवून वाजवला तर १ ते ४ किलोहर्ट्झमध्ये व्यंजनं बुडतात. ईक्यूने तेवढाच पट्टा दाबून खड्डा पाडण्यापेक्षा सिंथचा वरचा आवाज कापणारा फिल्टरच साधारण ८०० हर्ट्झवर बंद ठेवून संवाद संपताना उघडणं मला बरं वाटतं. ऐकणाऱ्याला ती संगीताचीच चाल वाटते. अॅनालॉग सिंथ अर्धा तास तापल्याशिवाय रेकॉर्ड करू नये, सूर सरकतो.

शेवटी स्टेम, म्हणजे संगीताच्या एकेका गटाच्या वेगळ्या फाइल: लो पल्स, पॅड, अर्प (एकामागून एक सुटे वाजणारे सूर), ताल, इफेक्ट. सगळे एकाच टाइमकोडपासून (चित्रपटातल्या वेळेच्या खुणेपासून) सुरू, रिव्हर्बची (घुमण्याची) शेपटी पूर्ण विरेपर्यंत. मास्टरवरचा (एकूण मिक्सवरचा) लिमिटर, म्हणजे आवाजाची कमाल पातळी रोखणारा इफेक्ट, आधी काढायचा, कारण प्रत्येक स्टेम त्यातून वेगळा गेला की बेरीज मूळ मिक्सशी जुळत नाही. तपासायला स्टेमच्या बेरजेवर मिक्स उलट्या पोलॅरिटीने (लहर उलटी करून) ठेवतो. पूर्ण शांतता आली पाहिजे. सिंथ थेट चालू ठेवून स्टेम काढले तर ती कधीच येत नाही, कारण मोकळा फिरणारा एलएफओ (आवाज संथपणे हलवणारी लहर) दर वेळी वेगळ्या जागेवरून निघतो. म्हणून आधी प्रत्येक ट्रॅक ऑडिओ करून घ्यायचा, मग त्यातूनच मिक्स आणि स्टेम दोन्ही काढायचे. मिडी (कुठला सूर कधी वाजला याची नोंद) मात्र जपून ठेवायची. कट पुन्हा हलला तर अर्प नव्याने वाजवून घ्यावा लागतो.