उत्तंकाने पाहिलेलं कापड: ७२० धाग्यांचं वर्ष

रविवार, रात्री

महाभारताच्या आदिपर्वातल्या पौष्य उपपर्वात उत्तंक चोरीला गेलेल्या कुंडलांच्या मागे नागलोकात उतरतो. तिथे दोन बायका मागावर कापड विणत असतात, धागे काळे आणि पांढरे. शेजारी सहा मुलं एक चाक फिरवत असतात. परत आल्यावर वेद, म्हणजे त्याचे गुरू, उलगडा करतात: बायका धाता आणि विधाता, काळे-पांढरे धागे रात्र आणि दिवस, बारा आऱ्यांचं चाक संवत्सर, मुलं सहा ऋतू. भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीत हा आदिपर्वाचा तिसरा अध्याय, बराचसा गद्य. याला रूपक म्हणून लोक पुढे जातात. पण हे कापड खरोखर विणता येतं, आणि विणायला घेतलं की रूपकात जान येते.

आधी हिशेब. उत्तंकाने तिथे म्हटलेल्या स्तुतीत चाकात ३६० आणि २४ पर्वं सांगितली आहेत. ऋग्वेदात (१.१६४) बारा आऱ्यांच्या चाकावर जोडीजोडीने उभे ७२० पुत्र आहेत. म्हणजे बाण्याचे, आडव्या धाग्याचे, ७२० पीक (एक पीक म्हणजे धाग्याचा एक आडवा फेरा), निम्मे पांढरे, निम्मे काळे. इंचाला ४० पीक धरले तर वर्ष १८ इंचांत बसतं, एक हात. हाताची अंगुळं २४ आणि वर्षाचे पक्षही २४, तेव्हा एका अंगुळात एक पक्ष, ३० पीक. ४० चा आकडा माझा, ग्रंथातला नव्हे. पण इतका चपखल बसल्यावर सोडवत नाही. या मापाने नऊवारी लुगडं म्हणजे अठरा वर्षं.

सूत २/२० चं, म्हणजे वीस नंबरचं दोनपदरी, सुती घ्यावं. बारा इंच पन्ह्याला ताण्याचे, म्हणजे उभे, ४८० धागे, एकाआड एक काळा-पांढरा. इंचाला २० घरांची फणी, दर घरात एक काळा, एक पांढरा. वही म्हणजे उभे धागे उचलणारी चौकट. वहीफणी करताना, म्हणजे धागे वहीतून आणि फणीतून ओवताना, काळे सगळे पहिल्या वहीत, पांढरे दुसऱ्या. दीड मीटर ताण्याला सुमारे ४३ ग्रॅम सूत जातं. बाण्याला जेमतेम १४: वर्षभराचे दिवस सात ग्रॅम, रात्री सात ग्रॅम.

ताणा नुसता पांढरा ठेवला तर रात्री करड्या दिसतात. दोन्हीकडे दोन्ही रंग हवेत. काळी वही वर उचलून काळा धोटा (बाणा वाहून नेणारी नळी) टाकला की अख्खी ओळ काळीभोर. पांढरी उचलून पांढरा टाकला की अख्खी पांढरी. कापडावर आडव्या बारीक रेघा पडत जातात.

आता खरी मजा. पावडी (वही उचलणारी पायपट्टी) बदलली, पण धोटा चुकून तोच टाकला, म्हणजे दोन दिवस लागोपाठ आले, तर त्या जागेपासून रेघा उभ्या होतात. कारण इथून पुढे काळ्या वहीला पांढरा बाणा मिळतो आणि पांढरीला काळा. प्रत्येक उभा धागा आपल्याच रंगाच्या सलग रेघेत दिसू लागतो. एका पिकाने सगळ्या कापडाची दिशा फिरते. पुढे कधीतरी आणखी एक पीक दुबार टाकला की पुन्हा आडवं. पावडी बदलायची राहिली आणि त्याच फटीत दुसरा धोटा टाकला तर नुसती जाड, ढिली ओळ येते. ती लगेच काढावी. वही भरताना दोन काळे शेजारी आले तर मात्र काढून उपयोग नाही: त्या धाग्याच्या एका बाजूला आडव्या, दुसऱ्या बाजूला उभ्या रेघा, शेवटपर्यंत. म्हणून पहिल्या दहा पिकांनंतर थांबून दुरून बघावं.

धोटे दोन लागतात, आणि एकएक पिकाला रंग बदलायचा म्हणजे दोन्ही दर वेळी एकाच काठाला जमा होतात. दर काठाला धोट्याची एकच पेटी असलेल्या यंत्रमागावर हे जमत नाही, हातानेच टाकावे लागतात. काठाशी एक धागा दुसऱ्यात अडकवून घ्यायचा, नाहीतर कडेचा ताणा सुटा राहतो. अथर्ववेदात (१०.७.४२) दोन तरुणी पाळीपाळीने सहा खुंट्यांचा माग विणतात, एक धागे ओढते, दुसरी बसवते. दोन धोट्यांचं काम दोघींनी करणं मला तरी अगदी साहजिक वाटतं.

काळ्या रंगाला जपावं. हिरडा-हिराकशीचा काळा सुंदर, पण त्यातलं लोह कालांतराने सुताला कुजवतं. सल्फर ब्लॅकचं तेच, साठवणीत त्यातून आम्ल सुटतं. दोन्हींत रात्री आधी विरतात आणि दिवस लोंबत राहतात. रिअ‍ॅक्टिव्ह काळा घ्यावा, आणि विणण्याआधी पाणी निवळ येईपर्यंत लडी धुवावी. नाहीतर पहिल्याच धुण्यात दिवस काळवंडतात.

ज्याला ३६५ हवेत त्याने शेवटी दहा पीक जादा टाकावे, पाव इंच. चार वर्षांत एक इंच वाढतो. मधेमधे विखरू नयेत, पक्षाचं अंगूळ बिघडतं.

मागावर ताण असताना १८ इंच मोजून थांबू नये. धुतल्यावर सुती कापड आटतं, त्यामुळे मागावर इंचाला ३७ च्या आसपास पीक बसवावे, ७२० पिकांना साडेएकोणीस इंच. आणि मोजायचे ते पीक, इंच नव्हे.