७० टक्के, पण कोणाचे?

फोनवर इअरबड्सच्या नावाखाली ७० टक्के दिसले की माणूस निर्धास्त होतो. पण बड्सच्या एका जोडीत बॅटऱ्या तीन असतात: डाव्या बडमध्ये एक, उजव्यात एक आणि चार्जिंगच्या डबीत तिसरी, सगळ्यांत मोठी. बडमधला सेल साधारण ३० ते ६० एमएएचचा (एमएएच म्हणजे बॅटरीत किती चार्ज मावतो त्याचं माप), डबीतला ३०० ते ६०० एमएएचचा. फोनवरचा तो एकटा आकडा या तिघींपैकी कोणाचा, हे ठाऊक नसेल तर त्याच्यावर विसंबता येत नाही. इंदूरहून अवंतिका एक्स्प्रेसनं मुंबईला निघालेला माणूस ७० टक्के पाहून डब्यात चढतो आणि रतलाम यायच्या आत डावा बड गप्प होतो. ते ७० उजव्याचे होते.

तिन्ही आकडे वेगवेगळे दिसण्याची सोय बहुतेक चांगल्या बड्समध्ये असते, फक्त ती कुठे आहे ते माहीत हवं. फास्ट पेअरवाले (गूगलच्या झटपट जोडणीची सोय असलेले) बड्स असतील तर अँड्रॉइड फोनजवळ डबीचं झाकण उघडा, पडद्यावर डावा, उजवा आणि डबी असे तीन आकडे येतात. ते आले नाहीत तर सेटिंग्जमध्ये ब्लूटूथच्या यादीत बड्सच्या नावापुढच्या चाकाच्या खुणेवर टॅप करा. एअरपॉड्स आयफोनजवळ उघडले की तसंच कार्ड येतं, आणि होम स्क्रीनवर बॅटरीचं विजेट लावून ठेवलं तर दरवेळी डबी उघडावी लागत नाही. बाकीच्यांसाठी कंपनीचं ॲप: सॅमसंगला गॅलक्सी वेअरेबल, वनप्लस आणि ओप्पोला हेमेलडी, नथिंगला नथिंग एक्स, बोटच्या बऱ्याच मॉडेलांना बोट हिअरेबल्स. ॲप नको वाटतं हे समजू शकतं, पण डाव्या-उजव्याचा हिशेब वेगळा हवा असेल तर बऱ्याच बड्सना दुसरा इलाज नाही.

डबीचा आकडा कधी दिसतो, कधी गायब होतो, म्हणून लोक बिघाड समजतात. बहुतेक डब्यांत स्वतःचं ब्लूटूथ नसतं. डबीत किती चार्ज उरलाय हे डबी पिनांमधून बडला सांगते आणि बड ते फोनला सांगतो. म्हणून निदान एक बड डबीत बसलेला आणि झाकण उघडं असलं तरच तो आकडा येतो. दोन्ही बड्स कानात असताना डबीचा आकडा दिसत नसेल तर काळजीचं काही कारण नाही.

आता एकट्या आकड्याबद्दल. स्वस्त बड्समध्ये फोनला बॅटरी कळते ती बहुधा कॉलसाठी असलेल्या जोडणीतून, म्हणजे हँड्स-फ्री प्रोफाइलमधून. त्यातली जुनी आणि सर्वांत रुळलेली पद्धत ॲपलनं आणलेल्या एका आज्ञेची. बड ० ते ९ यांतला एक अंक पाठवतो, फोन त्यावरून १० ते १०० टक्के दाखवतो. म्हणून आकडा ७० वरून थेट ६० वर उतरतो, मधले ६९, ६८ कधी दिसतच नाहीत. पडद्यावर ७० असताना खरा चार्ज ६२ असू शकतो. अँड्रॉइडमध्ये बड्सच्या पानावर ‘फोन कॉल’चं बटण बंद केलं तर अशा बड्सचा टक्का साफ गायब होतो, कारण तो त्याच वाटेनं येत होता. लॅपटॉपवर गाणी वाजतात पण टक्का दिसत नाही, त्यामागंही अनेकदा हेच कारण. विंडोज ११ मध्ये पाहायचं ठिकाण सेटिंग्जमधलं ‘ब्लूटूथ अँड डिव्हायसेस’, मॅकमध्ये वरच्या पट्टीतलं ब्लूटूथ.

हा एकटा आकडा मुख्य बडचा, म्हणजे फोनशी थेट बोलणाऱ्याचा, की दोघांतल्या कमी चार्जवाल्याचा, हे बनवणारी कंपनी ठरवते. घरी शोधता येतं. दोन्ही बड्स निम्म्यावर आले की डावा डबीत ठेवा, उजवा कानात चालू ठेवा. वीस मिनिटांनी डावा बाहेर काढा आणि आकडा लिहून घ्या. दुसऱ्या दिवशी उलट करा. एकदा आकडा वर गेला आणि एकदा नाही, तर फोन एकाच बडचं ऐकतोय. दोन्ही वेळा तो खालीच राहिला तर कमी असलेल्याचा दाखवतोय, आणि ही पद्धत आपल्या दृष्टीनं जास्त भरवशाची.

डबीवरच्या दिव्यांना सगळ्यांचा मिळून असा एक नियम नाही, माहितीपत्रक फेकू नका. चार दिवे असतील तर प्रत्येक दिवा साधारण २५ टक्क्यांचा, म्हणजे दोन पेटले तर चार्ज २५ ते ५० च्या मध्ये कुठेतरी. एकच रंगीत दिवा असेल तर घोटाळा होतो. एअरपॉड्सच्या डबीत बड्स असताना उघड्या झाकणाचा दिवा बड्सची स्थिती सांगतो आणि बड्स बाहेर काढले की डबीची. हिरवा म्हणजे चार्ज आहे, पिवळसर म्हणजे एक पूर्ण चार्ज देण्याइतकाही उरलेला नाही. तोच दिवा, पण उत्तर दोन वेगळ्या प्रश्नांचं.

टक्के नेमके कुठून येतात, हे कळलं की निम्म्या तक्रारी मिटतात. इतक्या लहान सेलचा टक्का पुष्कळ बड्समध्ये व्होल्टेजवरून अंदाजानं काढतात. लिथियमचा सेल भरलेला असतो तेव्हा ४.२ व्होल्ट आणि संपत येतो तेव्हा ३ ते ३.३ च्या आसपास. अडचण मधली. बराचसा चार्ज ३.९ ते ३.७ व्होल्टच्या चिंचोळ्या पट्ट्यात खर्च होतो. तिथं व्होल्टेज जेमतेम हलतं आणि त्यामुळे टक्का तासभर एकाच जागी बसून राहतो. मग एकदम घसरतो. त्यात आवाज मोठा, नॉइज कॅन्सलिंग (बाहेरचा गोंगाट दाबण्याची सोय) चालू आणि वर कॉल, असा भार एकत्र आला की व्होल्टेज तेवढ्यापुरतं दबतं आणि आकडा खाली जातो. भार गेला की थोडा वरही येतो. सेल जुना झाला की त्याचा आतला रोध वाढतो, हे दबणंही वाढतं, आणि ३० टक्के दाखवत असलेला बड कॉल येताच बंद पडतो. अशा वेळी आकडा खोटा नाही, सेल थकला आहे.

म्हणून दोन वर्षं वापरलेल्या बड्ससाठी टक्क्यापेक्षा घड्याळ बरं. दोन्ही बड्स डबीसकट पूर्ण चार्ज करा. आवाज ५० टक्क्यांवर, नॉइज कॅन्सलिंग बंद, आणि एक लांब गाण्यांची यादी फिरत ठेवा. फोनवर एलडॅक (ब्लूटूथवरून आवाज पाठवायची एक पद्धत) चालू असेल तर ते बंद करून एएसी किंवा एसबीसी या पद्धती घ्या, कारण एलडॅक जास्त बॅटरी खातं. डावा किती वाजता बंद झाला, उजवा किती वाजता, दोन्ही वेळा लिहा. पाकिटावरचे तास बहुधा अशाच परिस्थितीतले असतात. ६ तासांचा बड ४ तास ४८ मिनिटं चालला तर ८० टक्के क्षमता शिल्लक. ३ तासांतच संपला तर निम्मी गेली. डाव्या-उजव्यात १५-२० मिनिटांचा फरक चालतो, कारण अनेक जोड्यांत एक बड फोनशी बोलतो आणि आवाज दुसऱ्याला पुढं पाठवतो, शिवाय कॉलला माइकही बहुधा एकाचाच. तासाभराचा फरक मात्र चालायचा नाही. नेहमी एकाच कानात एकच बड घालून बोलणाऱ्यांचा तो बड आधी जातो. आज डावा, उद्या उजवा असा पालट ठेवा.

डबीचा हिशेबही करून पाहा. ४०० एमएएचची डबी आणि ४० एमएएचचे दोन बड्स, म्हणजे कागदावर पाच भरणं. प्रत्यक्षात साडेतीनच्या आसपास मिळतात. डबीला आपलं ३.७ व्होल्ट ५ पर्यंत चढवावं लागतं, बडमधला चार्जर ते पुन्हा ४ च्या आसपास उतरवतो, आणि दोन्ही ठिकाणी थोडी ऊर्जा उष्णता होऊन जाते. साडेतीनाला फसवणूक म्हणू नका. दीडच भरणं मिळत असतील तर डबीचा सेल गेला.

एक बड रात्रभर डबीत राहूनही सकाळी १० टक्के दाखवतो, ही तक्रार सर्वांत जास्त येते आणि तिचं मूळ बहुधा बॅटरीत नसतं. मोबाइलच्या टॉर्चचा उजेड तिरपा पाडून डबीतला खळगा पाहा. तळाशी दोन किंवा तीन बारीक सोनेरी पिना दिसतील, स्प्रिंगवर वरखाली होणाऱ्या. बडच्या पोटाला तेवढेच सोनेरी ठिपके. त्या ठिपक्यावर कानातला मळ, धूळ आणि घाम यांचा तपकिरी पापुद्रा चढतो, इतका पातळ की नखानं जाणवतो पण डोळ्याला डाग वाटतो. चार्जिंग थांबायला तेवढा पुरतो. मऊ, तंतू न सुटणाऱ्या कापडाच्या टोकाला ९० टक्क्यांवरचं आयसोप्रोपिल अल्कोहोल लावा. इंदूरच्या जेल रोडवरच्या मोबाइल दुरुस्तीवाल्यांकडे ते ‘आयपीए’ म्हणून असतं. कापड ओलसर हवं, निथळणारं नको. ठिपके आणि पिना पुसा, दहा मिनिटं उघड्यावर वाळू द्या. मग लाकडी टूथपिकच्या बोथट टोकानं प्रत्येक पिन हलकेच दाबा. सोडताच ती उसळून वर आली पाहिजे. खाली अडकली असेल तर त्याच पिनेत दोष. सुई, टाचणी, ब्लेड यातलं काही वापरू नका, वरचा मुलामा खरवडला गेला की पिन गंजते.

घामेजलेला बड तसाच डबीत टाकणं हे या सगळ्याचं मूळ. ओल्या ठिपक्यांवर चार्जिंगचं व्होल्टेज येतं आणि मुलामा झिजू लागतो, मग हिरवट-काळा डाग पडतो जो पुसून जात नाही. सकाळी नेहरू पार्कला चालून आलात किंवा पावसात भिजलात तर बड रुमालानं पुसून पाच मिनिटं बाहेर ठेवा. बाहेरून घेतलेले जाड सिलिकॉनचे टिप्सही कधी बडला तळापर्यंत बसू देत नाहीत. आणि नवीन जोडी असेल तर ठिपक्यांवरचा पारदर्शक कागद काढलाय ना, ते पाहा.

याची सोपी तपासणी आहे. बड्स डबीत ठेवा, झाकण लावा आणि फोनचं ब्लूटूथ पाहा. काही सेकंदांत जोडणी तुटली पाहिजे. ‘कनेक्टेड’ तसंच राहिलं तर बडला तो डबीत आहे हे कळलेलंच नाही. तो चार्ज होत नाही आणि वर आतल्या आत संपतो आहे.

डबीच चार्ज होत नसेल तर आधी केबल बदला. दोन्ही टोकांना टाइप-सी असलेल्या केबलनं काही स्वस्त डब्या चार्ज होत नाहीत. त्यांच्या सॉकेटमध्ये ५.१ किलोओहमचे दोन छोटे रेझिस्टर बसवलेले नसतात. टाइप-सी चार्जर त्यांच्यावरूनच समोर काही जोडलंय हे ओळखतो, आणि ते नसले की वीज सोडतच नाही. मोठं यूएसबी-ए टोक असलेली जुनी केबल लावा, डबी लगेच चार्ज होऊ लागेल. पॉवर बँकेचं दुखणं वेगळं. डबी इतका कमी करंट घेते, विशेषतः भरत आल्यावर, की पॉवर बँकेला काही जोडलेलंच नाही असं वाटून ती बंद होते. पॉवर बँकेत कमी करंटचा मोड असेल तर तो चालू करा. पुष्कळ मॉडेलांत बटण दोनदा दाबलं की तो येतो.

उन्हाळ्यात आणखी एक. मे महिन्यात इंदूरचा पारा चाळिशी ओलांडतो, आणि उन्हात उभ्या स्कूटरची डिकी त्याहून कितीतरी तापते. लिथियमचा सेल ४५ अंशांच्या वर चार्ज करायचा नसतो. चांगली डबी तेव्हा स्वतःच चार्जिंग थांबवते आणि दिवा नुसता लुकलुकतो. घरी आणून अर्धा तास सावलीत ठेवा, मग केबल लावा. फ्रिजमध्ये नको, बाहेर काढल्यावर आत दव धरतं. महिनाभर वापरायची नसेल तर डबी निम्म्या चार्जवर ठेवा, रिकामी ठेवू नका.

घड्याळाच्या तपासणीत क्षमता निम्म्याखाली आली असेल तर बडमधला सेल बदलण्याच्या भानगडीत सहसा पडू नये. कवच चिकटवलेलं असतं आणि उघडल्यावर पाण्यापासूनचं संरक्षण जातं. कंपनीकडे एकच बड किंवा नुसती डबी मिळते का, आधी विचारा. डबीचं झाकण नीट बसेनासं झालं, सांधा उघडला किंवा बड फुगल्यासारखा दिसला, तर तो पुन्हा चार्जिंगला लावू नका, टोचू नका, ओल्या-सुक्या कचऱ्यात टाकू नका. इंदूरच्या कचरागाडीत ई-कचऱ्याचा कप्पा वेगळा असतो. प्लास्टिकच्या पिशवीत ठेवून, आत बॅटरी आहे असं सांगून गाडीवाल्याच्या हातात द्या.