रशपासून लॉकपर्यंत: पुण्यातल्या एडिट रूममधला माझा अनुभव

एडिटर व्हायचं असेल तर आधी असिस्टंट म्हणून मन लावून काम करा, असं मी पुण्यातल्या प्रत्येक नव्या मुलाला सांगतो. कट कुठे मारायचा हे हळूहळू कळतं; रश, म्हणजे शूटिंगचं कच्चं फुटेज, नीट लावणं मात्र पहिल्या दिवसापासून यायला हवं.

कॅमेऱ्याचं कार्ड आलं की मी दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर कॉपी घेतो, चेकसम (कॉपी हुबेहूब आहे का हे तपासायचा आकडा) जुळवतो आणि मगच कार्ड फॉरमॅटला सोडतो. नुसतं फोल्डरचं साइझ सारखं दिसणं पुरेसं नाही. प्रॉक्सी, म्हणजे एडिटसाठीच्या हलक्या कॉपी, बनवताना फाइलचं नाव, टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा तास-मिनिट-सेकंदातला पत्ता) आणि फ्रेम रेट (सेकंदाला किती फ्रेम) मूळ फाइलचाच ठेवायचा. यातलं एक जरी बदललं, तर डीआयच्या, म्हणजे मूळ शॉटवर रंगांचं अंतिम काम करायच्या, वेळी मूळ शॉट सापडत नाहीत.

सिंकला, म्हणजे चित्र आणि वेगळा रेकॉर्ड झालेला आवाज जुळवताना, क्लॅपची पट्टी मिटते ती पहिली फ्रेम आणि आवाजातलं टोक जुळवायचं. सुरुवात जुळली म्हणून पुढे जाऊ नका, टेकचा शेवटही बघा. कॅमेरा २४ वर, प्रोजेक्ट २३.९७६ वर आणि चित्र फ्रेमला फ्रेम मांडलेलं असेल, तर चित्र ०.१ टक्का संथ होतं. दहा मिनिटांच्या टेकच्या शेवटी ओठ आणि आवाज यांत साधारण १४ फ्रेमचा फरक पडतो. मग लोक आवाजच कापून सरकवत बसतात. दुखणं सेटिंगमध्ये असतं. सिनेमाला साधारणपणे २४ आणि आपल्याकडच्या टीव्हीला २५, हे शूटिंगच्या आधीच कॅमेरावाल्यांशी बोलून ठरवावं.

लॉक झालं, म्हणजे कट पक्के झाले, की सिनेमा रीलमध्ये तोडायचा. ३५ मिमीची २००० फुटांची रील साधारण २२ मिनिटं चालायची, म्हणून आजही रील २० मिनिटांच्या आसपास ठेवतात. पहिल्या रीलचा टाइमकोड एक तासापासून, दुसरीचा दोनपासून. चित्राच्या पहिल्या फ्रेमच्या बरोबर दोन सेकंद आधी एक फ्रेमची बीप. साउंडवाल्यांना एएएफ (आवाजाच्या क्लिप आणि त्यांच्या जागा नेणारी फाइल) आणि टाइमकोड छापलेला व्हिडिओ द्यायचा. प्रत्येक क्लिपला निदान दोन सेकंदांचं हँडल, म्हणजे कटच्या अलीकडे-पलीकडे जादा आवाज, ठेवा, नाहीतर त्यांना फेड करायला आवाजच उरत नाही. संगीत चालू असताना रील तोडू नका.

डीआयला ईडीएल किंवा एक्सएमएल (कुठला शॉट कुठून कुठपर्यंत वापरला याची फाइल) देताना सगळे शॉट शक्य तेवढे एका ट्रॅकवर आणतो. स्पीड बदललेल्या शॉटची मात्र वेगळी यादी हातानं लिहून देतो, कारण स्पीडचे आकडे एका सॉफ्टवेअरमधून दुसऱ्यात बऱ्याचदा तसेच्या तसे उतरत नाहीत. लॉकनंतर दिग्दर्शकानं चार फ्रेम काढल्या, तर कुठल्या टाइमकोडला किती काढल्या हे साउंड आणि डीआय दोघांनाही त्याच दिवशी लेखी कळवायचं, आणि त्या रीलच्या फाइलच्या नावात नवा आवृत्ती क्रमांक टाकायचा.