जनरल स्लिम आणि त्याच्या गोळ्या

ब्रिटिश जनरल म्हटलं की सगळे माँटगोमरीचं नाव घेतात पण मला विल्यम स्लिम जास्त भारी वाटतो. ब्रिस्टलचा साध्या घरातला पोरगा, आधी मास्तरकी मग क्लार्की, पहिल्या महायुद्धात जखमी, नंतर गुरखा पलटणीत, आणि पगार पुरेना म्हणून टोपणनावाने गोष्टी लिहायचा! १९४२ ला दुसऱ्या महायुद्धात जपान्यांपुढे ब्रह्मदेशातून माघार घ्यावी लागली तेव्हा मलेरियानेच सैन्य अर्धमेलं झालेलं, मग ह्याने अचानक तपासणी लावली, जवान मलेरियाच्या गोळ्या घेत नसतील तर त्यांच्या कमांडिंग ऑफिसरलाच घरी पाठवायचा. विमानातून रसद टाकायला पॅराशूट मिळेनात तर कलकत्त्याच्या तागाची बनवून घेतली. १९४४ ला इंफाळ-कोहिमात जपान्यांना धुतलं, त्यात आपले मराठा जवानपण होते. पुढे फील्ड मार्शल, ऑस्ट्रेलियाचा गव्हर्नर जनरल वगैरे.